हरण्या दीड हातावर

“मागं सरा! मागं सरा! हत्ती सोंड बाहेर काढतोय!”

मी असं ओरडले की पेटीला डोळे लावून बसलेला माणूस खरंच मागं सरायचा. एकदा एक म्हातारी एवढी मागं सरली की शेजारच्या जिलबीवाल्याच्या परातीत जाऊन बसली. खोटं वाटत असेल तर त्या जिलबीवाल्याला विचारा. तो आता नाही, पण असता तर त्यानं सांगितलं असतं.

मी तेव्हा सतरा वर्षांची. माणदेशात सिद्धनाथाची जत्रा भरायची, खिलार बैलांची. लाखभर बैल यायचे. बरं, वीस हजार धरा, माझ्यासाठी कुणाशी भांडू नका. माझे श्रीपतीमामा विट्याला फोटो काढायचे आणि जत्रांच्या दिवसांत तंबू घेऊन फिरायचे. तंबूत एक लांब बाक, बाकासमोर सहा लाकडी पेट्या. पेटीला दोन भिंगं. आत एक पुठ्ठा, त्यावर शेजारी शेजारी चिकटवलेले दोन फोटो. वरवर बघितलं तर जुळे भाऊ. पण पेटीला डोळे लावले की दोन्हींचा मिळून एकच फोटो व्हायचा आणि त्यातला हत्ती अंगावर यायचा, देऊळ मागं राहायचं, मधल्या मोकळ्या जागेतनं चालत जावं असं वाटायचं.

असं लोक म्हणायचे.

मामा दाराशी उभे राहून सगळ्यांना समजावून सांगायचे. “पावणं, बोट नाकासमोर धरा. आता एक डोळा मिटा. आता तो उघडा आन् दुसरा मिटा. हललं का बोट?”

“हललं की!”

“बोट जागंवरच हाय. तुमचं डोळं दोन जागी हायती. ह्यो जरा हिकडनं बघतो, त्यो जरा तिकडनं. डोकं दोघांचा मेळ घालतं, आन् त्या मेळातनं जवळ काय, लांब काय ते कळतं. माझ्या कॅमेऱ्याला पण दोन डोळं हायती, माणसाच्या डोळ्याएवढ्याच अंतरावर. डाव्याचा फोटो डाव्या डोळ्याला, उजव्याचा उजव्याला. बसा, बघा!”

मला ते सगळं पाठ होतं. फक्त माझं बोट कधी हललं नाही. डावा डोळा मिटला तर बोट होतं तिथंच, आणि उजवा मिटला तर अंधार. चार वर्षांची असताना गोवर निघाला आणि डावा डोळा घेऊन गेला. बाहेरनं काही कळायचं नाही. काजळ घातलं की उजव्यापेक्षा तोच देखणा दिसायचा.

आईनं जाताना माझा हात धरून सांगितलं होतं, “डोळ्याचं कुणाला बोलू नगं हौसे. मामाला बी नगं. त्याच्या दारातनं तुझं लगीन व्हायचंय.” तिच्या माघारी, पंधराव्या वर्षी, मी मामांकडं आले. आल्या आल्या मामांनी नवा फोटो पेटीत घालून विचारलं, “बघ गं हौसे, खोल दिसतंय का?”

मला दिसला साधा सपाट फोटो. देवळाच्या भिंतीवर डकवलेल्या पत्रकासारखा. मी म्हणाले, “मामा, विहिरीएवढं खोल! पाय घसरंल की वो!”

मामा खूश झाले. त्यांच्या उजव्या डोळ्यात मोतीबिंदू वाढत होता, वर्षभरात त्यांना पेटीतलं धड जमेना. तेव्हापासून प्रत्येक नवा पुठ्ठा आधी माझ्याकडं यायचा. मी मान डोलावली की तंबूत लागायचा. घरातली एवढी मोठी जबाबदारी एका थापाडीच्या हातात होती, आणि ती थापाडी रोज देवाला म्हणायची, आजचा दिवस निभू दे. आटपाडीचं एक स्थळ चाललं होतं. ते मोडलं असतं तर मोडलं असतं, पण मामा मला काय म्हणाले असते ह्याची मला जास्त धास्ती होती.

तर त्या दिवशी दुपारी शेजारच्या गावच्या अनसावहिनी आपल्या सासऱ्यांना हाताला धरून घेऊन आल्या. सासऱ्यांचं नाव तातोबा आण्णा. पंचक्रोशीत बैल पारखायला त्यांच्यासारखा माणूस नव्हता. बैल नुसता खाकरला तरी त्याची आई कुठल्या गावची ते सांगायचे म्हणे. गेल्या जत्रेत त्यांचा हरण्या पहिला आला होता, लागोपाठ तिसऱ्या वर्षी. मामांनी तेव्हा दोन डोळ्यांच्या कॅमेऱ्यानं त्याचा फोटो काढला होता. दिवाळीच्या तोंडावर हरण्या गेला. पोटात कळ आली आणि सकाळपर्यंत खलास.

“चार महिनं झालं,” वहिनी मला बाजूला घेऊन म्हणाल्या. “दावणीला दुसरा बैल बांधू देत न्हाईत. भाकरी अर्धी खात्यात. ती माळ बघितलीस का? उशाला घेऊन झोपत्यात.”

आण्णांच्या मांडीवर घुंगरमाळ होती. पितळी, दुपदरी, घासून घासून सोन्यासारखी केलेली.

“मामंजी, ह्या पेटीत हरण्या जसा होता तसा दिसतोय म्हणं. उभा राहिल्यागत. एकदा बघा. मग घरी जाऊ.”

जेवणाची वेळ, तंबू रिकामा. आण्णा पुढं झाले, बाकावर बसले. मामा बाहेर गर्दीत होते, म्हणून खास आण्णांसाठी केलेला पुठ्ठा मीच पेटीत सरकवला. आदल्या आठवड्यात मीच तो बघून पास केला होता. आणि गप्प बसेन तर मी कसली! सुरू झाले.

“आण्णा, काय ते वशिंड! आसं बाहेर आलंय की हात ठेवावा! आन् डोळं! दोन्ही डोळं कसं पाणीदार, तुमच्याकडंच बघतोय!”

आण्णांनी पेटीला डोळे लावले.

बराच वेळ ते हललेच नाहीत. मग त्यांनी तोंड बाजूला घेतलं, डोळे पुसले, परत लावले. परत काढले.

“सूनबाई,” ते म्हणाले, “भिंत म्होरं आली.”

“काय मामंजी?”

“भिंत म्होरं हाय आन् हरण्या मागं गेलाय. भिंतीला बैलाएवढं भोक पाडल्यागत दिसतंय. त्या भोकात त्यो. त्याचा कासरा माझ्या हातात हाय, त्यो बी मागं, लांब.” त्यांनी माळ मुठीत धरली. “गेला त्यो गेलाच. फोटोत बी गेला.”

वहिनींनी पेटीत डोकावलं आणि त्यांनाही कसंतरी झालं. “डोकं फिरायला लागतंय बया. ह्यो असला कसला फोटो?”

दोन वर्षांत असं कधी झालं नव्हतं. मी पुढं झाले, पेटीला तोंड लावलं. सपाट. हरण्या, भिंत, आण्णा, सगळे एका ओळीत इस्त्री केल्यासारखे.

“मला तर बाहेर आलेला दिसतोय,” मी म्हणाले. “आण्णा, तुमच्या डोळ्यांत पाणी आलं असंल, म्हणून तसं…”

आण्णा माझ्याकडं बघत राहिले. बाजारात बैलाकडं बघतात तसं, पायापासून वर. खांद्यावरचा टॉवेल त्यांनी हातात घेतला. त्या टॉवेलाखाली बोटं दाबून भाव ठरवत त्यांनी हजार बैलांचे सौदे केले असतील.

“सूनबाई, जा, कपभर च्या घेऊन ये. माझ्या घशाला कोरड पडलीया.”

वहिनी गेल्या. तंबूत आम्ही दोघंच. आण्णा उठले, माझ्या डाव्या अंगाला येऊन उभे राहिले. मी समोर बघत होते. मग माझ्या डाव्या गालाला वारा लागला. मी दचकून वळले तेव्हा टॉवेलाचं टोक माझ्या डाव्या डोळ्यासमोरनं जाऊन परत खाली लोंबत होतं.

“पापणी हलली न्हाई,” आण्णा हळू आवाजात म्हणाले. “व्यापारी आंधळी बाजू अशीच बघत्यात. डावा कधी गेला गं पोरी?”

जत्रेत हजारोंना हत्ती दाखवणारी मी.

“गोवरात,” एवढंच म्हणाले. “आण्णा, पाया पडते. मामाला सांगू नका.”

आण्णा परत बाकावर बसले. माळ मांडीवर घेतली. आणि हसले. चार महिन्यांत पहिल्यांदा हसले असतील.

“दोन्ही डोळं पाणीदार म्हणालीस न्हवं? फोटोत हरण्याचा एकच डोळा हाय. उजवा. डाव्या अंगाला मी उभा हाय, त्याच्या तोंडाची ती बाजू झाकून.”

“मला वाटलं… जोडभिंगातनं पलीकडचा बी दिसत असंल.”

“पलीकडचा त्याला न्हवताच.”

मी परत पेटीत डोकावले.

“खोंड असताना बाभळीचा काटा घुसला. डावा डोळा गेला. तीन वर्सं पयला नंबर घेतला त्यानं, आन् एका पंचाला कळलं न्हाई. दरसाल डाव्या अंगाला मी. तू काय लबाड हाईस, मी तीन जत्रा फसवल्या!”

“पण त्याला खड्डा, बांध कसा कळायचा?”

“मान हलवायचा. आधी हिकडं, मग तिकडं. तू हलव बघू. त्यो खांब बघ, आन् खांबामागचं देवळाचं शिखर बघ. डोकं एका अंगाला ने. आता दुसऱ्या.”

मी नेलं. तंबूचा खांब सरकन सरकला. शिखर जागेवरच बसून राहिलं, जरासं डुललं इतकंच. मी परत केलं. परत तेच. मी इतकी वर्षं पायरी उतरताना, सुईत दोरा ओवताना आपोआप डोकं हलवत होते आणि का हलवते ते मला त्या दिवशी कळलं.

“जवळचं जास्ती पळतंय, लांबचं कमी,” आण्णा म्हणाले. “एक डोळा असला की त्यालाच दोन जागी न्यायचा. पण फोटोत तसं हुत न्हाई. डोकं हलवलं तरी फोटो हलत न्हाई. म्हणून पेटीत तुला कळायचं न्हाई पोरी. तुझा काय दोष?” मग त्यांनी माळ उचलून डाव्या कानाशी जराशी वाजवली. “आन् कान दोन होतं त्याला. मी डाव्या अंगाला ही वाजवायचो. जवळच्या कानाला आधी, मोठ्यानं. लांबच्या कानाला मागनं, बारीक. तेवढ्यावर त्याला कळायचं, धनी कुठं हाय, किती लांब हाय.”

तेवढ्यात मामा आत आले. मागोमाग चहाचा कप सांभाळत वहिनी.

“काय आण्णा? कसा दिसला हरण्या?”

आण्णांनी माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. माळ गोळा केली, टॉवेल खांद्यावर टाकला आणि उठले.

“लई झ्याक,” ते म्हणाले. “समोर उभा राहिला बघा. तुमच्या भाचीनं लई चांगलं दाखवलं. चल सूनबाई.”

“अवो पण मामंजी, तुम्ही तर आत्ता…”

“चल म्हणतोय न्हवं.”

मी सुटले होते. एवढंच व्हायला हवं होतं. दोन पावलं टाकली असती की ते तंबूबाहेर, आणि माझं गुपित हरण्याच्या गुपिताशेजारी जाऊन बसलं असतं. पण ते चालले होते ते बघवेना. मघाशी हसलेला माणूस परत वाकून, माळ छातीशी धरून चालला होता. बैलाएवढं भोक डोळ्यांत घेऊन. ते तसंच घेऊन घरी जाणार होते आणि मोकळ्या दावणीसमोर बसणार होते. माझ्यामुळं.

“मामा,” मी म्हणाले, “त्यो फोटो चुकलाय. भिंत म्होरं आलीय.”

“आँ? तू बघितला होतास की.”

“बघितला न्हवता. म्हंजे बघितला, पण मला दिसत न्हाई. मला कधीच दिसलं न्हाई. डावा डोळा न्हाई मला, मामा. चार वर्सांची होते तवापासनं.”

बाहेर कोणीतरी बैलाला हाकलत होतं. वहिनींनी चहाचा कप बाकावर ठेवला. मामा माझ्याजवळ आले, माझी हनुवटी धरून तोंड उजेडाकडं केलं आणि डाव्या डोळ्यात बघितलं. त्यांच्या एका धुरकट डोळ्यानं आणि एका चांगल्या डोळ्यानं.

“आन् हत्ती?”

“थापा.”

“विहिरीएवढं खोल?”

“ती बी.”

मला वाटलं आता हात उठणार. त्यांनी हनुवटी सोडली. “ताईनं सांगितलं आसंल, बोलू नगं म्हणून.”

मी मान हलवली.

“माझ्यावर तेवढा बी भरवसा न्हाई ठेवला तिनं,” ते म्हणाले. रागानं नाही. मग पेटीतला पुठ्ठा काढून त्यांनी उजेडाला धरला, मागंपुढं केला आणि कपाळावर हात मारला. “आगं, मीच गाढव! कापायचाच राहिला!”

मग त्यांनी सांगितलं ते असं. कॅमेऱ्यात फोटो उलटे पडतात. छापून पट्टी सरळ केली की डाव्या डोळ्याचा फोटो उजवीकडं येतो आणि उजव्याचा डावीकडं. म्हणून पट्टी मधोमध कापायची आणि दोघांच्या जागा बदलून चिकटवायच्या. हे राहिलं तर डाव्या डोळ्याला उजव्याचं दिसतं, आणि लांबचं जवळ, जवळचं लांब होऊन बसतं. मामांच्या मोतीबिंदूला ते दिसलं नाही, आणि माझं तर काय विचारूच नका.

“म्हंजे हौसे,” मामा म्हणाले, “आपल्या दोघांत मिळून चांगलं डोळं दोनच हायती व्हय? आन् जत्राभर सहा पेट्या चालवतोय आपण!” आणि हसायला लागले. मला हसू येईना, मी रडायलाच लागले. “रडतीस काय? कात्री आण. खळ आण.”

मी कात्री आणली. मामांनी पट्टी कापली, हरण्याचे दोन तुकडे जागा बदलून चिकटवले आणि फुंकर घालत वाळवले. आण्णा बाकावर बसून सगळं बघत होते.

पुठ्ठा पेटीत गेला. आण्णा पुढं वाकले तसं मला एक सुचलं. सुचण्यात मी कधी कमी नव्हते.

“आण्णा, माळ द्या.”

त्यांनी दिली. वहिनींनी गाठ सोडून माळेचे दोन पदर वेगळे केले. एक मी घेऊन आण्णांच्या डाव्या कानाशी उभी राहिले, दुसरा मामांच्या हातात देऊन त्यांना उजवीकडं उभं केलं. त्यांच्या कानात सांगितलं, “आधी मी मोठ्यानं, तुम्ही बारीक. मग मी कमी करीन तसं तुम्ही वाढवा. बैल हिकडनं तिकडं चाललाय.”

आण्णांनी डोळे लावले. मी माळ हलवली. खळ्… खळ्… खळ्… बैलाच्या चालीनं, घाई न करता. डावीकडं मोठं. मग जरा कमी, आणि मामांच्या हातात जरा जास्त. घुंगरं डावीकडनं सरकत मधे आली. आम्ही दोघांनी सारखीच वाजवली तेव्हा ती ना माझ्याकडं होती ना मामांकडं. ती बरोबर मधे होती, पेटीच्या पुढं, जिथं कुणीच नव्हतं.

तिथं आम्ही थांबलो.

“आला,” आण्णा म्हणाले.

त्यांना ठाऊक होतं माळा कुणाच्या हातात आहेत ते. सगळं ठाऊक होतं. तरी त्यांनी डोळे पेटीवरनं न काढता उजवा हात पुढं केला. पेटीच्या बाजूनं, मोकळ्या हवेत. हात जरा चाचपडला, जरा पुढं गेला, आणि थांबला. बोटं वाकली, तळव्याला गोलाई आली. आणि तो हात तिथल्या तिथं वरनं खाली फिरायला लागला. वशिंडावरनं मानेवर. मानेवरनं परत वशिंडावर. कातडी कुठं सैल आहे, हाड कुठं लागतं, सगळं त्या हाताला माहीत होतं.

“हरण्या,” ते म्हणाले. “हात् रे लेकरा.”

वहिनींनी तोंडाला पदर लावला.

मी मात्र त्या हाताकडंच बघत होते. दोन वर्षं पेटीत डोकं खुपसून मला जे दिसलं नव्हतं ते मला बाहेर दिसत होतं. हात थांबला होता तिथं हरण्या होता. हाताच्या पलीकडं फोटोतली भिंत होती. हात आणि भिंत ह्यांच्यामधे जागा होती, रिकामी, खरी, चालत जाता येईल अशी.

मामांनी हळूच विचारलं, “हौसे, खोल हाय का गं?” सवयीनं विचारलं, बिचाऱ्यांनी.

“हाय मामा,” मी म्हणाले. “दीड हातावर.”

त्या प्रश्नाला मी दिलेलं पहिलं खरं उत्तर ते.

आण्णा उठले तेव्हा त्यांनी माळेचा एक पदर मला ठेवायला दिला. “डाव्या अंगाला कुणी चालणारा भेटला तर त्याच्या हातात दे,” म्हणाले. भेटला. आटपाडीचाच भेटला. लग्नाआधी मामांनी त्याला सगळं सांगितलं, तर तो म्हणाला, मला डावीकडं चालायला आवडतंय. चाळीस वर्षं चालला. चिडला की मुद्दाम उजवीकडनं चालायचा, एवढाच काय तो त्याचा दुष्टपणा.

दुसऱ्या दिवशी वहिनी सांगत आल्या की मामंजी सकाळपासनं बाजारात खोंडं बघत फिरतायत आणि प्रत्येकाला नावं ठेवतायत. म्हणजे माणूस बरा झाला.

आणि एक सांगायचं राहिलं. त्या दुपारी सगळे गेल्यावर मी तंबू झाडायला घेतला, तर पेटीच्या पुढं, दीड हातावर, शेणाचा पो पडलेला. ताजा. तंबूत एक बैल आला नव्हता, दाराशी मामा उभे होते. मी स्वतःच्या हातानं उचलला.

एका डोळ्यानं बघितला म्हणून काय खोटा होता का?